कल्ला उचलला असता तर

कापसाच्या शेतीने अरल समुद्र आटवला, हे आता शाळकरी मुलांनाही पाठ आहे. पण तिथला ‘शिप’ हा स्टर्जन मासा त्याआधी पाव शतक संकटात सापडला होता. तेव्हा समुद्र तुडुंब भरलेला होता.

कारण एक चपटा कृमी. नाव निट्झशिया स्टुरिओनिस. स्टर्जनच्या कल्ल्यांवर आणि तोंडाच्या आत तो मागच्या चूषकाने घट्ट चिकटतो. लांबी सेंटिमीटरभर, कधी त्याहून जास्त. म्हणजे तो दिसायला सूक्ष्मदर्शक लागत नाही. कल्ल्याचं झाकण उचलावं लागतं, एवढंच.

सोव्हिएत मत्स्यव्यवसायाला अरलमध्ये कॅव्हिअर देणारी मासळी वाढवायची होती. म्हणून कॅस्पियन समुद्रातला सेव्रुगा हा दुसरा स्टर्जन 1934पर्यंत तिथे नेऊन सोडण्यात आला. सेव्रुगाच्या अंगी हा कृमी पिढ्यान्‌पिढ्या मुरलेला. अरलच्या शिपची मात्र त्याच्याशी कधी गाठच पडली नव्हती. 1936 साली शिप मोठ्या संख्येने मरू लागले.

या कृमीला मधला यजमान लागत नाही. गोगलगाय नको, दुसरा कुठला जीव नको. अंडी पाण्यात सुटतात, त्यातून निघालेली अळी पोहत जाऊन थेट पुढचा मासा गाठते. कृमी लागलेला मासा आणला की पुढचं सगळं आपोआप होतं.

तो कुणाला माहीत नव्हता, असंही म्हणता येत नाही. डेन्मार्कच्या आबिल्डगार्डने 1794 सालीच त्याचं वर्णन करून ठेवलं होतं. दादरला पापलेट घेणारं गिऱ्हाईकसुद्धा आधी कल्ला उचलून पाहतं, मगच पैसे काढतं. इथे अख्ख्या समुद्राची मासळी बदलायला निघालेल्यांना तेवढीही गरज वाटली नाही. आणि ज्याच्यासाठी हा खटाटोप केला, तो सेव्रुगा अरलमध्ये रुजलाच नाही. कृमी रुजला. असे प्रयोग मोजले जातात ते सोडलेल्या माशांच्या हिशेबात. सोबत काय गेलं, याचा रकाना त्या हिशेबात नसतो. म्हणूनच हा प्रयोग नुसता ‘अयशस्वी’ म्हणून सुटतो. तो त्याहून वाईट होता.

याच काळात, 1933-34मध्ये, अरलचे काही शिप उचलून बल्खाश सरोवरात सोडले होते. साथ यायच्या आधी निघाल्यामुळे ते कृमीविना गेले. बल्खाशमध्ये आणि त्याला मिळणाऱ्या इली नदीत त्यांचा वंश टिकला. त्यात कुणाची दक्षता नव्हती. तारीख तेवढी सोयीची निघाली. अरलमध्ये आज शिप उरलेला नाही.