निळ्या रंगाचा वाद

सिओना बेंजामिन यांची चित्रे पाहून आपल्यातील काही वडीलधारी मंडळी नाराज होतात. निळा वर्ण कृष्णाचा. तो सारा आणि राहेल यांना कशासाठी, असा त्यांचा आक्षेप असतो. येथे हर्नडनमध्येही तो कानी आला, म्हणून दोन शब्द लिहिणे भाग आहे.

सिओनाबाई मूळच्या मुंबईच्या, आपल्याच बेने इस्राएल समाजातील. सर जे. जे. कलाशाळेतून त्या अमेरिकेत आल्या आणि चित्रकलेबरोबर रंगभूमीच्या नेपथ्याचेही उच्च शिक्षण त्यांनी घेतले. त्यांच्या चित्रांतील स्त्रिया नुकताच रंगमंचावर प्रवेश केल्यासारख्या उभ्या असतात, त्याचे मूळ कदाचित येथेच असावे. लघुचित्रांची बारीक रेघ, सोन्याचा वर्ख आणि अमेरिकन चित्रकथांतील भडक संवाद यांचा मेळ त्या एकाच चौकटीत घालतात. निळा वर्ण आकाशाचा आणि समुद्राचा, तो सर्वत्र आहे आणि कोणाच्याच मालकीचा नाही, असा त्यामागील त्यांचा विचार आहे.

दुसऱ्या आज्ञेचा दाखला देणाऱ्यांना एवढेच विचारावेसे वाटते की, आपल्या किती घरांत एलियाहू हन्नाबीची तसबीर नव्हती? त्यांच्या रथाची खूण आपण अलिबागजवळच्या खंडाळा गावी दाखवितो, मलिद्याचे ताट त्यांच्या नावाने मांडतो. शेजाऱ्यांच्या चालीरीतींचा रंग आपल्याला लागला, म्हणून आपला धर्म बुडाला नाही. आपली मुले येथील शाळेत 'तुम्ही भारतीय की ज्यू?' या प्रश्नाला सामोरी जातात. मुलांचा गोंधळ शिक्षिकेच्या लवकर लक्षात येतो. त्या मुलांना ही निळी स्त्री परकी वाटत नाही.

तथापि, माझ्या मते त्यांचे अधिक मोलाचे काम निराळेच आहे. २०१०-११ मध्ये फुलब्राइट शिष्यवृत्तीवर त्या भारतात गेल्या, आपल्या लोकांना भेटल्या, त्यांची छायाचित्रे घेतली व त्यांभोवती चित्रकाम गुंफून 'फेसेस' ही मालिका सिद्ध केली. पुढे दुसऱ्या शिष्यवृत्तीवर इस्राएलमधील भारतीय ज्यूंकडेही त्या गेल्या. क्वचित नक्षी मुखावर मात करते, हे मान्य. परंतु ज्यांना इतिहासाच्या पुस्तकात एक ओळही मिळाली नसती, अशी माणसे तेथे सन्मानाने बसलेली दिसतात.

आपल्या घरांतून ऐंशी उलटलेल्या आजी आहेत. त्यांचे छायाचित्र म्हणजे कोणाच्या तरी लग्नात, तिसऱ्या रांगेत, अर्धा पदर दिसणारे. त्यांना एकदा चांगल्या उजेडात खुर्चीवर बसवावे आणि त्या कोणत्या गावच्या, मुंबईत कोणत्या चाळीत राहिल्या, हे विचारून लिहून घ्यावे. निळ्या रंगाचा वाद नंतरही घालता येईल.