गोल अडवणाऱ्याला विचारतो कोण?

मेस्सी वानखेडेवर आला, अख्खा महाराष्ट्र स्टेटस ठेवून मोकळा. बरं, अनस एडथोडिका माहितीये? केरळचा सेंटर बॅक. उमेदीची वर्षं आपल्याकडंच गेली, आधी मुंबई एफसी, मग पुणे एफसी. पुढं दिल्ली, मोहन बागान, जमशेदपूर, केरळा ब्लास्टर्स. भारताची जर्सी मिळाली ती २०१७ मध्ये, वयाच्या ३० व्या वर्षी. २०१९ च्या आशियाई कपात बहरीनविरुद्ध सुरुवातीलाच जखमी होऊन बाहेर.

आज मुंबई एफसी आणि पुणे एफसी, दोन्हींना टाळं! मालक दुसरा धंदा बघतो. खेळाडूनं काय करायचं? त्याची कारकीर्द जेमतेम १५ वर्षांची. फुटबॉल वाढवायचाय ना? मग साहेब, सोहळे नंतर करा. आधी क्लब मधेच गुंडाळणाऱ्या मालकाकडून खेळाडूंच्या कराराचे पूर्ण पैसे वसूल करा.