अल्फार्ड शहरातूनही दिसलाच पाहिजे

एप्रिलच्या मध्यावर रात्री साडेआठच्या सुमारास ठाणे, कल्याण किंवा डोंबिवलीत दक्षिणेकडे तोंड करून मान बरीच वर उचलली, तर क्षितिजापासून सुमारे ६२ अंशांवर एक नारिंगी तारा एकटाच दिसायला हवा. वासुकी या लांबलचक तारकासमूहातला हा सर्वांत तेजस्वी तारा, अल्फार्ड. तो आपल्यापासून सुमारे १८० प्रकाशवर्षे दूर आहे. गाभ्यातला हायड्रोजन संपल्यावर फुगत फुगत त्याचा व्यास सूर्याच्या जवळजवळ पन्नासपट झाला. पृष्ठभागाचे तापमान ४,१०० केल्विनच्या आसपास उतरले आणि म्हणूनच तो नारिंगी दिसतो. ब्राझीलच्या राष्ट्रध्वजावरच्या २७ ताऱ्यांमध्येही त्याला स्थान आहे. शोधायला तो अवघड नाही. पुनर्वसूच्या दोन ठळक ताऱ्यांपैकी उत्तरेकडच्या ताऱ्यापासून दक्षिणेकडच्या ताऱ्याकडे रेषा काढून ती पुढे लांबवर नेली की ती अल्फार्डपाशी पोहोचते. आसपास त्याच्या तोडीचा दुसरा तारा नसल्यामुळे चुकामूक होण्याचाही प्रश्न नाही. असे असूनही या शहरांतल्या किती रहिवाशांनी आपल्या गल्लीतून हा तारा पाहिला असेल? माझे म्हणणे असे की, तो दिसणे हा नागरी सोयीचा एक निकष मानावा आणि महापालिकांनी तो मान्य करावा.

हाच तारा का, याला कारण आहे. अल्फार्ड दुसऱ्या प्रतीचा तारा आहे, म्हणजे तेजाने जवळजवळ ध्रुवताऱ्याइतकाच. पण ध्रुव आपल्या अक्षांशावरून क्षितिजाच्या जेमतेम १९ अंश वर असतो आणि इमारतींच्या रांगेमागे सहज लपतो. अल्फार्ड मात्र गच्च्या आणि टॉवरांच्या वर येतो. महानगराच्या आकाशात पसरलेल्या उजेडात आकाशगंगा बुडते, चौथ्या-पाचव्या प्रतीचे तारे बुडतात. डोंबिवलीच्या फडके रस्त्यावरून आकाशगंगा दिसावी असा हट्ट कोणी धरणार नाही. दुसऱ्या प्रतीचा तारा मात्र एवढ्या उंचीवर असताना शहरी आकाशालाही पुरून उरतो. धूळ आणि धुरक्याचे कारण पुढे केले जाईल, पण ६२ अंशांवरच्या ताऱ्याचा प्रकाश ऐन माथ्यावरच्या ताऱ्यापेक्षा फक्त आठव्या हिश्शाने जास्त हवेतून येतो. तेव्हा निरभ्र, चांदणे नसलेल्या रात्री जमिनीवर उभ्या माणसाला अल्फार्ड सापडत नसेल, तर दोष बहुतेक वेळा आकाशाचा नसतो. थेट डोळ्यांत शिरणाऱ्या जवळच्या दिव्याचा असतो. अंधाराला सरावायला डोळ्यांना वीस ते तीस मिनिटे लागतात, आणि उघडा, आडवा बसवलेला एक दिवा ती तयारी क्षणात मोडतो. असा दिवा बदलणे पूर्णपणे स्थानिक प्रशासनाच्या हातात आहे.

ठाणे आणि कल्याण-डोंबिवली ही दोन्ही शहरे सप्टेंबर २०१६ मध्ये स्मार्ट सिटीच्या यादीत आली. देशभर याच काळात सोडियमचे पिवळे दिवे जाऊन पांढरे एलईडी आले. वीज वाचली, हे खरेच आणि चांगलेच झाले. पण पांढऱ्या उजेडात निळा भाग जास्त असतो. तो हवेत अधिक विखुरतो आणि डोळ्यांना, विशेषतः उतारवयातल्या डोळ्यांना, अधिक दिपवतो. जगभरच्या हौशी निरीक्षकांनी २०११ ते २०२२ या काळात नुसत्या डोळ्यांनी केलेल्या पन्नास हजारांहून अधिक नोंदींचा अभ्यास २०२३ साली प्रसिद्ध झाला. त्यानुसार रात्रीचे आकाश दरवर्षी सरासरी जवळपास दहा टक्क्यांनी उजळत आहे. त्या वेगाने, जन्मावेळी जिथून २५० तारे दिसत होते तिथून अठराव्या वर्षी शंभरच दिसतील. अमेरिकेतल्या टक्सन शहराने २०१९ मध्ये काही रात्री रस्त्यांवरचे दिवे कमीजास्त करून उपग्रहातून मोजणी करून घेतली, तेव्हा शहराच्या एकूण उजेडात पथदिव्यांचा वाटा पाचव्या हिश्शाहूनही कमी निघाला. उरलेला सगळा इतर दिव्यांचा. आपल्या शहरांचे प्रमाण वेगळे असू शकेल, पण जाहिरातफलक, टॉवरांच्या दर्शनी भागांवरची रोषणाई, मैदानांवरचे झोत आणि झाडांना गुंडाळलेल्या माळा आपल्याकडेही डोळ्यांसमोर आहेत. झाडांवरच्या माळांचा विषय तर २०२४ मध्ये जनहित याचिकेतून मुंबई उच्च न्यायालयात गेला. फलकाला आणि इमारतीला परवानगी महापालिकाच देते, म्हणून ‘हे दिवे आमचे नाहीत’ हे उत्तर टिकत नाही.

सगळ्यात वजनदार आक्षेप सुरक्षिततेचा आहे. शेवटच्या लोकलमधून उतरून कल्याण पूर्वेच्या किंवा दिवा स्थानकाजवळच्या गल्ल्यांतून घरी चालत जाणाऱ्या बाईला ताऱ्यांचे कौतुक ऐकवणे निर्दयपणाचे ठरेल. न्यूयॉर्कमध्ये सार्वजनिक वसाहतींत तात्पुरते दिव्यांचे मनोरे उभारले, तेव्हा रात्री उघड्यावर होणारे गंभीर गुन्हे सुमारे एकतृतीयांशाने घटले. हा पुरावा मी बाजूला सारणार नाही. दुसरीकडे, इंग्लंड-वेल्समधल्या ६२ स्थानिक संस्थांच्या चौदा वर्षांच्या आकडेवारीत दिवे मंद केल्याने किंवा काही तास बंद ठेवल्याने गुन्हे वा अपघात वाढल्याचे आढळले नाही. दोन्ही एकत्र वाचले तर एवढेच निघते की, जिथे खरोखर अंधार आहे तिथे दिवा हवाच, आणि जिथे आधीच लखलखाट आहे तिथे आणखी उजेड ओतून काही साधत नाही. शिवाय मी दिवे घालवा म्हणत नाही. वरून झाकलेला, खाली तोंड केलेला दिवा रस्त्यावरचा उजेड कमी करत नाही. उघडा दिवा डोळे दिपवतो आणि त्याच्या पलीकडची सावली अधिक काळी करतो. तिथे उभा असलेला माणूस त्या बाईला दिसत नाही. तिच्यासाठीही झाकलेलाच दिवा चांगला.

पाणी, खड्डे आणि लोकलची गर्दी असताना ताऱ्यांचे काय घेऊन बसलात, असेही विचारले जाईल. पण आकाशाकडे जाणाऱ्या उजेडाची वीज करदात्याच्याच पैशाची असते, आणि दिव्याला झाकण बसवल्याने पाणीपुरवठ्याचा एक रुपयाही कमी होत नाही. दा. कृ. सोमण यांनी ज्या ठाण्यात राहून अनेक दशके मराठी वाचकांना आकाश समजावून सांगितले, त्या ठाण्यातल्या मुलाला आज तारे पाहायला खगोल मंडळाच्या कार्यकर्त्यांबरोबर कल्याणच्याही पुढे वांगणी गाठावी लागते. वांगणीच्या दिशेनेही आता बदलापूर-अंबरनाथचा उजेड सरकतो आहे. प्रवासाला पैसे आणि एक मोकळी रात्र ज्यांच्याकडे आहे त्यांनाच आकाश मिळावे, ही वाटणी मला अन्यायाची वाटते. आपल्याच राज्यात पेंच व्याघ्र प्रकल्प जानेवारी २०२४ मध्ये देशातले पहिले डार्क स्काय पार्क ठरला. त्यासाठी वाघोली, सिल्लारी, पिपरिया आणि खापा या गावांतले शंभरावर दिवे बदलून जमिनीकडे तोंड असलेले बसवले गेले. गावे अंधारात गेली नाहीत. ठाण्याने मासुंदा आणि उपवन तलावांपासून, कल्याण-डोंबिवलीने आपल्या मैदानांपासून आणि उद्यानांपासून सुरुवात करावी. येऊरच्या जंगलाला लागून असलेल्या वस्त्यांत तर ते आधी व्हावे, कारण तिथे रात्रीचा अंधार बिबट्यांनाही लागतो. दिव्यांच्या पुढच्या निविदेत वरून झाकण, तीन हजार केल्विनपेक्षा पांढरा नसलेला प्रकाश आणि मध्यरात्रीनंतर रिकाम्या मैदानांवर निम्मा उजेड या अटी घालाव्यात, आणि फलकांच्या परवान्यावर बंद करण्याची वेळ लिहावी. त्यासाठी विधिमंडळाच्या नव्या कायद्याची वाट पाहायची गरज नाही, महासभेचा एक ठराव पुरेसा आहे.