एका भूमिकेचे मोल

नटाची कारकीर्द म्हटली की आपण चित्रपटांची संख्या, मानधन आणि प्रसिद्धी यांचा हिशेब मांडू लागतो. प्रादेशिक भाषांतील प्रायोगिक चित्रपटांत काम करणाऱ्या कलावंताला हे माप अपुरे पडते.

वीरा साथीदार यांचे उदाहरण घेऊ. ते नागपूरचे. आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (२०१४) या चित्रपटात त्यांनी नारायण कांबळे हा वृद्ध लोकशाहीर साकारला. गटारात उतरणाऱ्या एका कामगाराला गीतातून आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा आरोप या शाहिरावर ठेवला जातो आणि खटला लांबत जातो. साथीदार हे व्यावसायिक नट नव्हते. परंतु चळवळीत घालवलेले आयुष्य हीच त्यांची तालीम होती. याच चित्रपटातील सरकारी वकील गीतांजली कुलकर्णी यांनी उभी केली. त्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या आणि रंगभूमीवर घडलेल्या अभिनेत्री. एकीकडे अनुभव, दुसरीकडे शिक्षण. दोन्हींच्या मेळातून चित्रपट खरा वाटतो.

‘कोर्ट’ला २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात दोन पुरस्कार मिळाले आणि २०१५ मध्ये सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय सुवर्णकमळ जाहीर झाले. एप्रिल २०२१ मध्ये कोरोनाने साथीदारांचे निधन झाले, तेव्हा अनेकांना प्रथम आठवला तो नारायण कांबळे. एक भूमिकाही माणसाला स्मरणात ठेवू शकते, ती अशी.

मात्र या गौरवात एक धोका आहे. अशा कलावंताच्या त्यागाची स्तुती करून आपण मोकळे होतो. त्याग हा त्याचा गुण असेल, पण त्याला त्याग करावा लागणे हा आपला दोष आहे. पुरस्काराने मान मिळतो, रोजची चूल पेटत नाही. असे चित्रपट थोड्याच पडद्यांवर लागतात आणि प्रेक्षक जमण्यापूर्वीच उतरतात. मग नटाला पोटासाठी दुसरे काम करावे लागते आणि उरलेल्या वेळात कला जपावी लागते. दिवसभर राबून रात्री पुस्तक उघडणाऱ्यांना ही ओढाताण वेगळी सांगायला नको.

म्हणून माझे मत असे, की या कलावंतांना कौतुकापेक्षा प्रेक्षकांची अधिक गरज आहे. आपल्या भाषेतील असा चित्रपट गावात आला, तर तिकीट काढून तो पाहावा आणि शेजाऱ्यालाही सोबत न्यावे. टाळ्या नंतर वाजवता येतील. आधी खुर्ची भरली पाहिजे.