अवमानाची नोटीस : घाबरू नका, टाळूही नका

१ ऑगस्ट २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या घटनापीठाने अनुसूचित जातींच्या उपवर्गीकरणाला मान्यता दिली. तेव्हापासून आपल्या तरुणांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर न्यायालयांबद्दल संताप व्यक्त होतो आहे. मध्येच कुणीतरी लिहितो, "जपून, अवमानाची केस होईल." आणि ग्रुप शांत होतो. वस्त्यांमध्ये काम करताना मला याची दुसरी बाजूही दिसते. कोर्टाचा माणूस आला की घराला कुलूप लावायचे, कागद घ्यायचाच नाही. या दोन्ही सवयी आपले नुकसान करतात.

न्यायालय अवमान अधिनियम १९७१ चे कलम ५ सांगते की, अंतिम निकाल लागलेल्या प्रकरणावर रास्त टीका करणे हा अवमान नाही. म्हणजे निकाल चुकीचा आहे असे कारणांसह म्हणता येते. न्यायाधीशाला शिवीगाळ करणे ही मात्र टीका नव्हे. एखाद्या खासगी व्यक्तीला कुणाविरुद्ध फौजदारी अवमानाचा अर्ज करायचा असेल, तर महाधिवक्त्यांची लेखी संमती लागते. उच्च किंवा सर्वोच्च न्यायालय स्वतःहूनही दखल घेऊ शकते.

त्यानंतर येते नोटीस. कलम १७ नुसार ती आरोपीला व्यक्तिशः बजावावी लागते. वेगळी पद्धत वापरायची तर न्यायालयाला कारणे नोंदवावी लागतात. नोटिशीसोबत अर्जाची आणि प्रतिज्ञापत्रांची प्रतही द्यावी लागते. न्यायालयासमोरच अवमान घडला असला, तरी आरोप लेखी कळवून म्हणणे ऐकावे लागते. आपल्यावर काय आरोप आहे हे कळल्याशिवाय कुणाला शिक्षा होऊ नये, हे नैसर्गिक न्यायाचे तत्त्व त्यामागे आहे. पण कुणी नोटीस चुकवण्यासाठी लपत असेल, तर त्याची मालमत्ता जप्त करण्याचा अधिकारही हेच कलम देते.

न्यायमूर्ती सी. एस. कर्णन यांचे प्रकरण या संदर्भात समजून घ्यावे. कलकत्ता उच्च न्यायालयाच्या या दलित न्यायाधीशांनी इतर न्यायाधीशांवर भ्रष्टाचाराचे आणि जातीय भेदभावाचे आरोप केले होते. फेब्रुवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना अवमानाची नोटीस काढली. ते आले नाहीत. मार्चमध्ये जामीनपात्र वॉरंट निघाले, तेव्हा ते ३१ मार्चला एकदा हजर राहिले. पुढे त्यांनी सरन्यायाधीशांसह इतर न्यायाधीशांनाच शिक्षा ठोठावणारा आदेश काढला, ज्याचे समर्थन करता येत नाही. ९ मे रोजी त्यांच्या गैरहजेरीत सहा महिन्यांची शिक्षा झाली आणि त्यांची वक्तव्ये छापण्यास माध्यमांना मनाई झाली. जातीय भेदभावाचा प्रश्न बाजूला पडला आणि चर्चा त्यांच्या वागणुकीचीच झाली. नोटिशीने उघडलेले दार आपणच बंद केले की काय होते, ते यातून दिसते.

हाच कायदा आपल्या हातातले साधनही आहे. शिष्यवृत्ती, जमीन, पदोन्नती अशा विषयांवर न्यायालयाने आदेश देऊनही अधिकारी हलत नसतील, तर तो दिवाणी अवमान ठरू शकतो. मात्र तो घडल्यापासून एक वर्षाच्या आत दाद मागावी लागते. तिथेही अधिकाऱ्याला नोटीस नीट बजावलेली असली पाहिजे. चुकीचा पत्ता दिला किंवा बदली झालेल्या साहेबांचे नाव टाकले, तर तारखांवर तारखा पडतात. त्यामुळे आदेशाची प्रमाणित प्रत अधिकाऱ्याच्या कार्यालयात द्या, पोच घ्या, तारीख लिहून ठेवा.

आणि नोटीस आपल्याच दारात आली तर ती घ्या. सोबतची कागदपत्रे तपासा, वकील गाठा, मुदतीत प्रतिज्ञापत्र द्या. वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना तिथे मोफत वकील मिळण्याचा कायदेशीर हक्क आहे. बाबासाहेबांनी आपल्याला संविधानाचा मार्ग दिला. त्या मार्गावर कागद वाचता येणे हीसुद्धा चळवळच आहे.

जय भीम!