सासूबाईंची पाऊणकी

आठवड्यातून चार दिवस मी शाळेत शिकवायला जाते. अर्धवेळ बाई म्हटलं की जो तास दुसऱ्या कुणाला नको असेल तो आपल्या वाट्याला येतो. तसा यंदा सातवीचा इतिहास माझ्याकडे आला. मराठ्यांच्या आरमाराचा धडा चालू होता. मी फळ्यावर जलदुर्गांची नावं आणि पुढे सनावळी लिहीत होते. सिंधुदुर्ग १६६४, खांदेरी १६७९, कुलाबा १६८०. तेवढ्यात मागच्या बाकावरच्या एका मुलीनं हात वर केला. "बाई, चारी बाजूंनी खारं पाणी, मग तिथली माणसं प्यायची काय? आणि स्वयंपाक कशात करायची?"

सगळा वर्ग हसला. खरं सांगते, मीही हसले. पण उत्तर काही मला देता येईना. पुस्तकात लढाया होत्या, तहाची कलमं होती. हंडाभर पाण्याचा उल्लेख कुठे नव्हता. "उद्या सांगते," म्हणून मी वेळ मारून नेली.

योगायोग असा की त्याच महिन्यात सासूबाईंनी मनातली इच्छा बोलून दाखवली. त्यांचं माहेर रेवदंड्याकडचं. लहानपणी वडिलांचं बोट धरून त्या अलिबागच्या किल्ल्यातल्या गणपतीला जायच्या. "एक संकष्टी त्याच्या पायाशी करायची आहे," त्या म्हणाल्या. आमच्या ह्यांनी रजा काढली, धाकटीची शाळा बुडवली आणि आम्ही चौघं निघालो.

अलिबागच्या पुळणीवर सकाळी साडेआठला उभ्या राहिलात, तर समोर कुलाबा किल्ला दिसतो. पूर्ण ओहोटी असली की चालत जाता येतं. सासूबाईंनी पदर खोचला, बोटांवर काहीतरी मोजलं आणि म्हणाल्या, "आज चतुर्थी. चार पाऊण तीन. तीनला भरती. आता नऊला पाणी तळाशी जाईल. अकराच्या आत माघारी यायचं हं!"

मी नुसती मान डोलावली. त्यांचं पंचांग, त्यांचे मुहूर्त ह्यांना मी गेली बारा वर्षं अशीच मान डोलावत आले आहे. बी.ए. झालेली सून ना मी!

किल्ल्यात पाऊल टाकलं आणि माझं भानच हरपलं. शिवाजी महाराजांच्या अखेरच्या दिवसांत, १६८० साली ह्याचं काम सुरू झालं आणि संभाजी महाराजांच्या कारकिर्दीत १६८१ मध्ये पुरं झालं. तटाचे दगड हे एवढे मोठाले, पण सांध्यांत चुना नाही! दगडावर दगड नुसते बसवलेले. मला वाटलं, हे कसलं बांधकाम! तिथे एक वयस्कर गृहस्थ भेटले, त्यांनी उलगडा केला. लाट येऊन आपटली की पाणी त्या फटींतून आत शिरतं आणि तिचा जोर तिथेच जिरतो. सपाट, गुळगुळीत भिंत असती तर सगळा मार भिंतीनंच खाल्ला असता. आता ह्यात सुनांनी शिकण्यासारखं काय आहे ते तुमचं तुम्हीच ठरवा!

आत गणपतीचं देऊळ आहे. १७५९ मध्ये राघोजी आंग्र्यांनी बांधलेलं. देवळापुढे पुष्करणी, आणि थोड्या अंतरावर गोड्या पाण्याची विहीर. उत्तरेकडच्या तटावर चाकांच्या गाड्यावर दोन तोफा, त्यांच्यावर १८४९ हा सन कोरलेला. विलायतेच्या कारखान्यात ओतलेल्या. मी वही काढून सगळं टिपत बसले. पावलांनी अंतरं मोजली. सासूबाईंनी दोनदा हाक मारली, मी दोन्ही वेळा "आलेच" म्हटलं.

दरवाजात आलो तेव्हा बारा वाजायला आले होते. आणि समोरची वाट गेलेली! सकाळी जिथे ओली वाळू होती तिथे पाणी चमकत होतं. तसं खोल वाटत नव्हतं, आणि किनारा तर हाक मारावी एवढा जवळ. हे म्हणाले, "गुडघाभरच आहे. धाकटीला मी खांद्यावर घेतो, तुम्ही दोघी माझा हात धरा." मीही चपला हातात घेतल्या.

सासूबाईंनी नातीचं मनगट घट्ट धरलं आणि पायरीवर बसकण मारली. "कडेला गुडघाभर, मध्ये कमरेच्या वर," त्या म्हणाल्या. "आणि पाण्याला ओढ असते. खाली शेवाळाचे खडक. पोरीला घेऊन तू घसरलास तर मी इथून काय करणार? होडीला पुरेल एवढं पाणी चढू दे. मी हलायची नाही."

हे चिडले. मला तर शरमेनं मान वर करवेना, कारण उशीर माझ्यामुळे झाला होता. अर्ध्या तासानं बघितलं, तर ज्या खडकाच्या बाजूनं आम्ही जाणार होतो तो दिसेनासा झाला होता. हे काही बोलले नाहीत. मुकाट्यानं येऊन आईशेजारी बसले.

आमच्या बाटल्यांतलं पाणी केव्हाच संपलं होतं. धाकटीला तहान लागली. त्या गृहस्थांनीच विहिरीचं पाणी काढून दिलं. तोंडाला लावलं, तर अगदी गोड. आणि एकदम मला सातवीतली ती मुलगी आठवली. जिच्या प्रश्नाला मी हसले होते, तिचं उत्तर माझ्या हातातल्या भांड्यात होतं.

होडी यायला दोन वाजून गेले. तेवढ्या वेळात आणि घरी आल्यावर ग्रंथालयातली पुस्तकं चाळताना ह्या पाण्यातल्या किल्ल्यांकडे मी अगदी निराळ्या नजरेनं बघायला शिकले. आपण म्हणतो, समुद्र हा किल्ल्याचा खंदक. खरंच आहे. पण हा खंदक शत्रूला जसा अडवतो, तसा आतल्यांनाही अडवतो. म्हणून बेट निवडताना पहिला प्रश्न पाण्याचा. मालवणजवळच्या कुरटे बेटावर २५ नोव्हेंबर १६६४ ला सिंधुदुर्गाचा मुहूर्त झाला. सुमारे ४८ एकरांचं बेट, त्याभोवती जवळजवळ ३ किलोमीटर तट. पाया घट्ट करायला शिसं ओतलं. काम तीन वर्षं चाललं. पण ह्या सगळ्या खटाटोपाला अर्थ आला तो आतल्या तीन गोड्या विहिरींमुळे. त्यांची नावं तर बघा, दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव! ही नावं ऐकून मला तरी वाटतं, ती ठेवणारी माणसं रोज घागर भरणारीच असली पाहिजेत.

मुरुडच्या जंजिऱ्याचंही तेच. सिद्दींचा हा किल्ला २२ एकरांचा. त्याचा दरवाजा अगदी जवळ जाईपर्यंत दिसत नाही. आत गोड्या पाण्याचे दोन मोठे तलाव आहेत. शिवाजी महाराजांनी आणि संभाजी महाराजांनी जंग जंग पछाडलं, पण जंजिरा हाती आला नाही. १९४८ साली संस्थान भारतात विलीन होईपर्यंत तो सिद्दींकडेच राहिला.

ह्याच जंजिऱ्यावर नजर ठेवायला महाराजांनी जवळच्या कासा बेटावर पद्मदुर्ग बांधला. त्याच्या भिंतींची गंमत कुलाब्याच्या अगदी उलट. इथे सांध्यांत चुना भरला आहे, आणि तीनशेहून जास्त वर्षं खारा वारा नि लाटा खाऊन दगड झिजून आत गेले, पण चुना जशाच्या तसा उभा! लांबून मधाच्या पोळ्यासारखी भिंत दिसते.

पण मला भिंतीपेक्षा महत्त्वाचं वाटलं ते एक पत्र. पद्मदुर्गाजवळच्या आरमाराला पैसा आणि धान्य पोचवायची जबाबदारी प्रभावळीचा सुभेदार जिवाजी विनायक ह्याच्यावर होती. त्यानं चालढकल केली. तेव्हा महाराजांनी त्याला खरमरीत पत्र लिहिलं. तुमच्या दिरंगाईनं आरमार अडून बसलं तर फायदा सिद्दीचा, आणि अशा चाकराची जात-पात बघून गय करणार नाही, असा त्याचा मथितार्थ. म्हणजे तोफा, बुरूज सगळं जागेवर होतं, आणि गाडं अडलं होतं ते शिध्यापाशी! महिनाअखेरीला डबे खडखडवून बघणाऱ्या आपल्यासारख्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

मुंबई बंदराच्या तोंडाशी असलेल्या खांदेरीची हकीकतही तशीच. १६७९ च्या पावसाळ्यात मायनाक भंडारी माणसं घेऊन त्या बेटावर उतरला आणि तट उभारायला लागला. मुंबईचे इंग्रज घाबरले. त्यांनी आपली जहाजं पाठवली, कॅप्टन केग्विनला पाठवलं. त्यांची जहाजं मोठी, तोफा जास्त. पण मराठ्यांच्या होड्या लहान आणि उथळ तळाच्या. वाऱ्याची वाट न बघता वल्ही मारत त्या रात्री-अपरात्री सामान घेऊन बेटाला लागायच्या. मोठ्या जहाजांना त्यांचा पाठलाग करता येईना. लढाई चालू आणि बांधकामही चालू! शेवटी खांदेरी मराठ्यांकडेच राहिली. मात्र शेजारची उंदेरी १६८० च्या सुरुवातीला सिद्दीनं बळकावली, आणि मग ही दोन बेटं एकमेकींकडे डोळे वटारून बसली.

आम्ही ज्या पायरीवर अडकलो होतो, त्या कुलाब्यावर १७२१ साली इंग्रज आणि पोर्तुगीज दोघं मिळून चालून आले होते. कान्होजी आंग्रे आत, आणि बाजीराव पेशवे मदतीला धावले. दोन परक्यांची ती युती मोडली, किल्ला टिकला. पण पुढे १७५६ मध्ये काय झालं? कान्होजींचा मुलगा तुळाजी आणि नानासाहेब पेशवे ह्यांचं बिनसलेलं. पेशव्यांनी इंग्रजांशी हातमिळवणी केली, आणि विजयदुर्गाच्या खाडीत आंग्र्यांचं आरमार जळून खाक झालं. मराठ्यांचं ते एवढं मोठं आरमार, आणि ते बुडवायला परक्यांना वाट मिळाली ती आपल्याच घरातल्या भांडणातून. हे वर्गात सांगताना माझा आवाज जरा चढला, हे कबूल करते.

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोनं मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा म्हणून निवडले. त्यांत खांदेरी, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग आणि सिंधुदुर्ग हे चार सागरी किल्ले आहेत. आपली पावलं आता तिकडे जास्त वळतील. म्हणून सासूबाईंचा हिशेब तुम्हांला देते. भिंतीवरचं कॅलेंडर असलं की पुरे.

त्या दिवशीची तिथी बघा. पौर्णिमा किंवा अमावास्येनंतर प्रतिपदेपासून मोजायची. त्या आकड्याची पाऊणपट करा. आपल्या कोकण किनाऱ्यावर साधारण तेवढ्या वाजता पूर्ण भरती. दुपारीही आणि रात्रीही. त्यात सहा तास मिळवले की ओहोटी. चतुर्थीला तीन वाजता भरती, नऊ वाजता ओहोटी. अष्टमीला सहाला भरती, बाराला ओहोटी. अर्ध्या-पाऊण तासाचा फरक पडू शकतो, म्हणून हा झाला घरचा अदमास. जाताना तिथल्या माणसांना विचारायचंच. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते. तेव्हा पाणी फार चढत नाही, तसं फार उतरतही नाही. म्हणून चालत जाण्याचा बेत करू नये. पौर्णिमा-अमावास्येला उधाण. पाणी लांबवर ओसरतं खरं, पण परत येतं तेही तितक्याच झपाट्यानं. चालत गेलात तर ओहोटीच्या वेळेआधी निघा आणि पाणी वळल्यावर तासाभराच्या आत किनारा गाठा. पायांत पट्ट्यांच्या चपला, डोक्याला रुमाल, आणि माणशी एक बाटली पाणी जास्तीचं. पावसाळ्यात जाण्याचा विचारसुद्धा नको. आणि वाट बुडालेली दिसली, तर "गुडघाभरच आहे" म्हणणाऱ्याचं ऐकू नका, मग तो घरधनी का असेना!

दुसऱ्या आठवड्यात मी सातवीच्या वर्गात गेले. आधी त्या मुलीला उभं केलं आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "तुझा प्रश्न बरोबर होता, हसलो ते आम्ही चुकलो." मग फळ्यावर सनावळीच्या शेजारी पाऊणकी लिहिली. एक पाऊण पाऊण, दोन पाऊण दीड. मुलींनी वहीत भरतीच्या वेळा काढल्या. ज्या शाळेत पाऊणकी शिकवायचं कधीच बंद झालं, तिथे ती इतिहासाच्या तासाला परत आली!

घरी येऊन हे सासूबाईंना सांगितलं. त्या भाजी निवडत होत्या. "मी चौथीपर्यंतच शिकले," त्या म्हणाल्या, "पण समुद्राजवळ राहायचं तर एवढं यावंच लागतं." मग जरा थांबून म्हणाल्या, "पुढच्या वेळी हाक मारली की ये हो."

"आलेच," म्हणायची सवय आता मी सोडते आहे.