सर्पदंश : घोड्याच्या रक्तापासून संगणकापर्यंत

२००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख मृत्यू झाले, असा अंदाज २०२० मधील एका अभ्यासाने मांडला. म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार. त्यांत बहुतेक खेड्यांतले आणि बरेचसे पावसाळ्यातले.

उपचाराचे तत्त्व मात्र शंभर वर्षांहून जुने आहे. घोड्याला विष थोडे थोडे टोचायचे आणि त्याच्या रक्तात तयार झालेली प्रतिपिंडे काढायची. भारतातील प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे यांच्या विषापासून बनते. हे विष मुख्यतः तमिळनाडूतील इरुला समाजाच्या सहकारी संस्थेकडून येते. पण एकाच जातीच्या सापाचे विष प्रदेशागणिक बदलते, हे बंगळूरुच्या भारतीय विज्ञान संस्थेतील संशोधकांनी दाखवून दिले आहे. त्यामुळे दूरच्या प्रदेशात हेच प्रतिविष अपुरे पडू शकते. शिवाय घोड्याच्या प्रथिनांमुळे काही रुग्णांना तीव्र ॲलर्जी होते.

यावर तीन वाटांनी काम सुरू आहे. २०२४ मध्ये याच संस्थेसह अमेरिकी संशोधकांनी प्रयोगशाळेत एक मानवी प्रतिपिंड घडवले. नाग, मण्यार आणि ब्लॅक मांबा यांच्या विषातील एका घातक गटावर ते चालते. घोणशीच्या विषावर नाही. रसायनशास्त्रातील नोबेल मिळवणारे डेव्हिड बेकर यांच्या गटाने जानेवारी २०२५ मध्ये कृत्रिम बुद्धिमत्तेने रचलेली प्रथिने वापरून उंदरांना नागकुळातील विषापासून वाचवले. तिसरी वाट गोळीची. ‘वॅरेस्प्लाडिब’ हे पूर्वी हृदयविकारासाठीही तपासले गेलेले औषध. भारत व अमेरिकेतील रुग्णांवरील चाचणीत त्याचा एकंदर ठळक फायदा दिसला नाही. दंशानंतर लवकर दिलेल्यांत मात्र आशादायक चिन्हे होती.

पहिली दोन संशोधने अजून प्राण्यांपुरतीच आहेत. गावच्या दवाखान्यापर्यंत पोहोचायला त्यांना काही वर्षे लागतील. तोवर जुने प्रतिविषच जीव वाचवणार, आणि तेही वेळेत मिळाले तर. म्हणूनच प्रत्येक सर्पदंशाची नोंद बंधनकारक करा, असे केंद्राने नोव्हेंबर २०२४ मध्ये राज्यांना सांगितले. नोंद झाली तर साठा कुठे हवा ते कळते.

घरच्यांनी करायचे ते साधे आहे. घट्ट दोरी बांधू नये, चिरा देऊ नये, मांत्रिकाकडे वेळ घालवू नये. दंश झालेला अवयव न हलवता रुग्णाला थेट रुग्णालयात न्यावे. मण्यारीच्या दंशाची खूण अनेकदा दिसतही नाही. त्यामुळे खूण नाही म्हणून थांबू नये.